वचनांची वही: दोनशेतून बारा ओळी कशा उरवायच्या

दर जानेवारीत नागपुरातल्या आमच्या प्रतापनगरच्या वाचनकट्ट्यावर कोणीतरी नवी कोरी डायरी घेऊन येतं. पहिली दहा-बारा पानं मोत्यासारख्या अक्षरात सुविचार, दोन रंगांची शाई, प्रत्येक नावाखाली रेघ. मार्चमध्ये तीच डायरी उघडावी तर तेराव्या पानापासून दुधाचा हिशेब. माणसं आळशी असतात म्हणून हे होत नाही, क्रम उलटा लागतो म्हणून होतं. आधी उतरवून काढायचं, अर्थ सवडीने बघायचा, आणि ती ओळ मुळात कोणाची हे तर राहूनच जातं. सुंदर अक्षरात लिहिलेली ओळ नंतर खोटी निघाली तरी खोडायचा हात होत नाही, ही यातली खरी गोम.

खालचे टप्पे दिलेल्या क्रमानेच करा. एखादा टप्पा लांबला तर लांबू द्या, पण पाचव्याच्या आधी चांगल्या वहीला हात लावू नका. शेवटी बाराच्या आसपास ओळी उरतील. बारा हा आकडा काही पवित्र नाही, महिन्याला एक पुरते एवढाच हिशेब.

## तयारी: वही नको, आधी प्रश्न

सामान थोडंच लागतं: एका बाजूने कोरे असलेले कागद, पेन्सिल, खोडरबर आणि शंभर पानी साधी वही. वही कपाटातच राहू द्या. दोन तासांच्या दोन बैठका ठरवा आणि त्यांच्यात आठवड्याचं अंतर ठेवा. नागपुरात यासाठी मे महिन्याच्या दुपारी उत्तम, तशीही बाहेर पडायची सोय नसते. फक्त कूलरच्या थेट झोतात कागद ठेवू नका. ते दमट होतात आणि जेल पेनची शाई पसरते.

आता सगळ्यात दुर्लक्षित तयारी. पहिल्या कागदावर सध्या तुम्हाला छळणाऱ्या दोन-तीन गोष्टी लिहा. मोघम नको, नेमक्या. "मनःशांती हवी" असं लिहिलंत तर काहीच हाती लागणार नाही. "मुलगी बारावीला आहे आणि रोज रात्री माझा आवाज चढतो", "पन्नाशीत नवं सॉफ्टवेअर शिकावं लागतंय आणि लाज वाटते", "भावाशी घराच्या वाटणीवरून दोन वर्षं बोलणं नाही" असं लिहा. सगळे टप्पे पूर्ण होईपर्यंत हा कागद समोर असू द्या. प्रश्न नसला की प्रत्येक वचन छान वाटतं, आणि सगळीच छान वाटली की एकही कामाला येत नाही.

तपासा: कागदावरची प्रत्येक गोष्ट शेजाऱ्याला वाचून दाखवायला तुम्हाला संकोच वाटेल का? वाटत असेल तर बरोबर लिहिलंय.

## टप्पा १: साठा एका जागी आणा

फोनमधले स्क्रीनशॉट, तारांकित केलेले निरोप, जुन्या डायऱ्या, फ्रिजवरची चिठ्ठी, शाळेच्या फळ्यावरचा आठवणारा सुविचार, आजीची म्हण. सगळं कागदावर नुसतं एका ओळीत उतरवा. इथे निवड करायची नाही. गुलाबाच्या फुलावर छापून आलेलंही येऊ द्या.

दोनशे ओळी सहज निघतात. बहुतेकांना इथे पहिला धक्का बसतो: यातल्या दीडशे ओळी आपण कधी जपून ठेवल्या हेच आठवत नाही.

## टप्पा २: दोन चाळण्या

पहिली चाळणी. ओळ झाका आणि तोच विचार घरी बोलता तशा भाषेत सांगा. "म्हणजे बघ बापा, असं आहे की..." अशी सुरुवात करून वाक्य पुरं झालं तर ओळ ठेवा. शब्द गोड होते म्हणून आवडली आणि आत काही सापडत नाही, असं झालं तर काट मारा.

दुसरी चाळणी. तयारीच्या कागदावरच्या एखाद्या गोष्टीला ही ओळ लागते का? तीन महिन्यांपूर्वी ती आठवली असती तर तुम्ही काही वेगळं केलं असतं का? उत्तर "नाही" असेल तर ओळ कितीही मोठ्या माणसाची असो, तिला निरोप द्या.

सावधान: नाव पाहून ओळ ठेवू नका. चाळताना नावं झाकूनच ठेवावीत. हा नियम केल्यावर आमच्या कट्ट्यावर एका गृहस्थांच्या साठ्यातल्या सत्तर ओळी नऊवर आल्या. तीन दिवस ते माझ्याशी नीट बोलले नाहीत.

पंचवीस-तीसवर आलात की थांबा आणि आठवडा जाऊ द्या.

## टप्पा ३: ओळ कोणाची, कुठली

इथे सगळ्यात जास्त चुका होतात, म्हणून इथे रेंगाळणार आहे.

आधी घरबसल्या जमणाऱ्या तपासण्या. शब्दांचं वय बघा. सतराव्या शतकातल्या संताच्या तोंडी "सकारात्मक ऊर्जा" असेल तर पुढे शोधायची गरज नाही. नाममुद्रा बघा. अभंगाच्या शेवटी कवीची सही असते: नामदेवांची "नामा म्हणे", एकनाथांची "एका जनार्दनी", ज्ञानदेवांची "बाप रखुमादेवीवरू". आपल्या विदर्भात एक खास घोटाळा होतो. "तुका म्हणे" हे देहूचे तुकाराम आणि "तुकड्या म्हणे" हे यावलीत जन्मलेले राष्ट्रसंत तुकडोजी महाराज (१९०९–१९६८). मध्ये तीनशे वर्षं आहेत. पुढे पाठवणाऱ्याने "ड्या" गाळला की ग्रामगीतेतली ओवी थेट गाथेत जाऊन बसते. पण नुसत्या नाममुद्रेवरही भिस्त नको. "तुका म्हणे" कोणालाही जोडता येतं.

मग उगम शोधा. ओळीतले सर्वांत कमी वापरातले दोन-तीन शब्द घेऊन इंटरनेटवर शोधा, पूर्ण ओळ टाकू नका. दहा संकेतस्थळांवर एकच नाव दिसलं म्हणजे दहा पुरावे झाले, असं समजू नका. ती एकमेकांचं बघून उतरवतात. पुस्तक, प्रकरण, ओवी क्रमांक किंवा भाषणाची तारीख आणि गाव, यांतलं काहीतरी हाती लागलं पाहिजे. नाही लागलं तर झाशी राणी चौकातल्या विदर्भ साहित्य संघात, नाहीतर जवळच्या सार्वजनिक वाचनालयात जा आणि ग्रंथपालांना विचारा. दहा मिनिटांत काम होतं, पण तिथवर जात कोणी नाही.

या टप्प्यावर हमखास पडणारी तीन उदाहरणं सांगतो.

"जगात जो बदल पाहायचा आहे, तो स्वतः व्हा." महात्मा गांधींच्या नावावर. या शब्दांत हे वाक्य त्यांच्या लिखाणात सापडत नाही. १९१३ साली 'इंडियन ओपिनियन' या आपल्या साप्ताहिकात त्यांनी याच्या जवळपासचं लिहिलं होतं: आपण स्वतःला बदलू शकलो तर जगातल्या प्रवृत्तीही बदलतील, इतर काय करतात याची वाट पाहण्याचं कारण नाही, अशा आशयाचं. मला विचाराल तर घोषवाक्यापेक्षा हेच जास्त उपयोगाचं आहे. वाट पाहू नका, हा भाग घोषवाक्यात गळून पडलाय.

"तुझं म्हणणं मला मान्य नाही, पण ते मांडायच्या तुझ्या हक्कासाठी मी मरेपर्यंत लढेन." फ्रेंच विचारवंत व्होल्टेअरच्या नावावर. हे वाक्य एव्हलिन बिॲट्रिस हॉल या लेखिकेचं आहे. १९०६ साली व्होल्टेअरबद्दलच्या पुस्तकात तिने त्याची वृत्ती आपल्या शब्दांत सांगितली आणि शब्द त्याला चिकटले. अशी ओळ फेकायची नाही, नाव दुरुस्त करून ठेवायची. एका निरोप समारंभात मी हीच ओळ व्होल्टेअरच्या नावाने ठणकावून म्हटली होती. मागच्या रांगेतून एक कॉलेजची मुलगी हळूच म्हणाली, "काका, कुठल्या पुस्तकात आहे?" त्या दिवसापासून हा टप्पा मी टाळत नाही.

तिसरं उदाहरण आपल्या गावचं. "शिका, संघटित व्हा, संघर्ष करा" ही ओळ दीक्षाभूमीच्या वाटेवर जागोजागी दिसते. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचं जुलै १९४२ मधलं भाषण काढून बघा. ते नागपुरातच झालं होतं, अखिल भारतीय दलित वर्ग परिषदेत. इंग्रजी शब्दांचा क्रम आहे "एज्युकेट, ॲजिटेट अँड ऑर्गनाइज", म्हणजे शिका, मग चेतवा, मग संघटित व्हा. त्याला लागूनच स्वतःवर विश्वास ठेवा, असं येतं. मराठीत रूढ झालेल्या क्रमात संघर्ष शेवटी गेला. दोन्हींत फरक आहे. शिकलेल्या माणसाच्या मनात आधी खळबळ उठते आणि तीच त्याला इतरांकडे नेते, हा एक क्रम. आधी एकत्र या, मग झगडा, हा दुसरा. कोणता तुमच्या कामाला लागतो ते तुम्ही ठरवा, पण दोन्ही वाचून ठरवा. बाबासाहेबांची भाषणं आणि लेखन महाराष्ट्र शासनाने खंडांत छापलं आहे आणि धम्मचक्र प्रवर्तन दिनाला दीक्षाभूमीच्या परिसरात पुस्तकांची रांगच लागते. घोषवाक्याचा फलक विकत घ्यायच्या ऐवजी त्या दिवशी भाषण घ्या.

ऐकीव ओळींचं काय? गाडगेबाबांनी ग्रंथ लिहिला नाही, ते कीर्तनातून बोलले आणि इतरांनी टिपून ठेवलं. आजीनेही ग्रंथ लिहिला नाही. अशा ओळींपुढे "ऐकीव" असं लिहा, कोणाकडून आणि केव्हा ऐकली ते लिहा. "आई, पापड लाटताना, १९९१" हा पूर्ण दर्जाचा संदर्भ आहे. त्यात लपवण्यासारखं काही नाही.

तपासा: प्रत्येक ओळीपुढे तीनपैकी एक शेरा हवा: "सापडली", "ऐकीव" किंवा "नाव चुकीचं, दुरुस्त". कोणताच शेरा नसलेली ओळ पुढे न्यायची नाही.

## टप्पा ४: आधीच्या आणि नंतरच्या ओळी वाचा

उगम सापडला की निम्मे लोक समाधानाने वही उघडतात. थांबा. आपल्याकडची प्रसिद्ध वचनं बहुतेक अर्धी असतात.

दहावी-बारावीच्या मुलांच्या टेबलावर हमखास चिकटवलेली ही ओळ घ्या: "असाध्य ते साध्य करिता सायास । कारण अभ्यास तुका म्हणे ॥" आपण वाचतो तो अर्थ असा: पोरा, अभ्यास कर, दिवस-रात्र एक कर. आता याच अभंगात आधी काय आहे ते बघा. "साधुनी बचनाग खाती तोळा तोळा", बचनागासारखं जहाल विषही काही लोक साधनेने पचवतात. आणि साधनेनेच काही जण हातात भुजंग धरतात, बाकीचे नुसते बघून कापतात. म्हणजे तुकोबांचा "अभ्यास" हा पुस्तकी अभ्यास नाहीच. तो सराव आहे. बचनाग पहिल्याच दिवशी तोळाभर खाणारा दुसरा दिवस पाहत नाही. ही ओळ परीक्षेच्या आदल्या रात्री जागायला सांगत नाही, जूनपासून रोज थोडं करायला सांगते. माझ्या मुलाच्या टेबलावर ती दोन वर्षं होती आणि दोन्ही वर्षं आम्ही बापलेक तिचा उलटा अर्थ लावून एकमेकांवर ओरडत होतो.

गीतेतलं "कर्मण्येवाधिकारस्ते मा फलेषु कदाचन" (२.४७) हेही तसंच. श्लोकाला चार चरण आहेत. चौथा म्हणतो, "मा ते सङ्गोऽस्त्वकर्मणि", काम न करण्याचीही ओढ तुला लागू नये. फळाची अपेक्षा नको म्हणत हात झटकणाऱ्यांनी नेमका हाच चरण सोडलेला असतो.

समर्थांचं "सामर्थ्य आहे चळवळेचे" पुढच्या "परंतु येथे भगवंताचे अधिष्ठान पाहिजे"शिवाय म्हटलं की दासबोधातल्या (२०.४.२६) त्या ओवीचा अर्थ पुरता बदलतो. पसायदानातलं "जो जे वांछील तो ते लाहो" दुकानाच्या पाटीवर एकटं शोभतं. ज्ञानदेवांनी मात्र त्याआधी खळांची व्यंकटी, म्हणजे दुष्टांचा वाकडेपणा, सांडायची प्रार्थना केली आहे. वाकडेपणा गेल्यावरच ज्याला जे हवं ते मिळायला हरकत नाही. एवढा विचार केलेली प्रार्थना आपण अर्ध्यावर तोडतो.

नेहमीची चूक: संदर्भ वाचून ओळ नावडती झाली तरी ती ठेवणं, कारण "इतकी वर्षं आवडत होती". सोडा तिला. तुम्हाला दुसरंच काहीतरी आवडत होतं.

## टप्पा ५: आता वही उघडा

एका ओळीला समोरासमोरची दोन पानं द्या. डाव्या पानावर हे, याच क्रमाने:

१. पूर्ण वचन, आधीच्या-नंतरच्या आवश्यक ओळींसह.
२. कोणाचं, कुठल्या ग्रंथातलं किंवा भाषणातलं, क्रमांक आणि कोणती आवृत्ती. तुकोबांच्या गाथेच्या वेगवेगळ्या प्रतींत अभंगांचे क्रमांक वेगळे असतात, त्यामुळे प्रत न लिहिता नुसता आकडा लिहून उपयोग नाही.
३. भाषांतर असेल तर मूळ भाषा आणि भाषांतर कोणाचं.
४. उतरवल्याची तारीख.

उजवं पान कोरं ठेवा.

उतरवताना भाषा "सुधारू" नका. बहिणाबाईंचं मन "फिरी येतं पिकांवर". ते "फिरून येते" केलंत की लेवा गणबोलीतली ती बाई जाते आणि शिकवणीतले सर येतात. वऱ्हाडी म्हण वऱ्हाडीतच लिहा. पुस्तकातून शब्द न् शब्द पडताळा, आठवणीतून लिहू नका. पाठ असलेल्या ओळींतच सर्वांत जास्त चुका निघतात.

## टप्पा ६: उजव्या पानावर भांडा

उजव्या पानावर तीन गोष्टी लिहायच्या. पहिली, तुमच्या शब्दांत अर्थ. दुसरी, ही ओळ कुठे लागू पडत नाही. तिसरी, तयारीच्या कागदावरच्या कोणत्या गोष्टीसाठी ती घेतली.

दुसरी गोष्ट लिहायला लोक कचरतात. थोरांच्या वचनाशी भांडायचं कसं? पण न भांडता ठेवलेली ओळ संकटात टिकत नाही. धम्मपदातली पाचवी गाथा घ्या: वैराने वैर कधी शमत नाही, अवैरानेच शमतं. पार्किंगवरून रोज कुरापत काढणाऱ्या शेजाऱ्याला हे लागू आहे का? मी लिहिलं, "शिवीला शिवी नाही, इथवर मान्य. पण सोसायटीच्या सभेत तक्रार मांडणं हे वैर नाही, ती मांडणारच." हे लिहिल्यावर ती गाथा मला वापरता आली. त्याआधी ती फक्त अपराधी वाटायला लावत होती.

अर्थ लिहिताना मूळ शब्दाकडे एकदा बघा. "अत्त दीप भव" आपण "स्वतःच दिवा हो" असं वाचतो. महापरिनिब्बान सुत्त या पाली बौद्ध ग्रंथातलं रूप "अत्तदीपा विहरथ" असं आहे, आणि पालीतल्या "दीप" या शब्दाचे दोन अर्थ होतात: दिवा आणि बेट. पुराच्या पाण्यात पाय टेकायला मिळणारं बेट. २३ सप्टेंबर २०२३ च्या पहाटे नागपूरचा अंबाझरी तलाव भरून वाहिला आणि नाग नदीकाठच्या वस्त्यांत पाणी शिरलं. त्या रात्री गच्चीवर बसून काढलेल्या माणसाला दुसरा अर्थ मी समजावून सांगायची गरज नाही.

तपासा: उजवं पान वाचून तिऱ्हाइताला कळेल का, की ही वही तुमचीच आहे? कोणाचीही वाटत असेल तर पुन्हा लिहा.

## टप्पा ७: ओळीला जागा आणि वेळ द्या

वही कपाटात राहिली की संपलं. प्रत्येक महिन्याला एकच ओळ घ्या आणि ती जिथे लागणार आहे तिथेच ठेवा. चिडचिडीसाठी घेतलेली ओळ देवघरात कशाला? मुलीच्या अभ्यासाच्या खोलीच्या दाराबाहेर, तुमच्या डोळ्यांच्या उंचीवर लावा. ऑफिसची ओळ डब्याच्या पिशवीत ठेवा. भिंतीवरच्या चिठ्ठीवर ओळीचे दोन शब्द पुरतात, उरलेले आठवायला लागले पाहिजेत. पूर्ण ओळ लावली तर आठ दिवसांत ती कॅलेंडरसारखी दिसेनाशी होते.

दर रविवारी उजव्या पानावर एक वाक्य जोडा: या आठवड्यात ओळ कुठे आठवली आणि काय केलं. "आठवली नाही" हेही लिहा. सलग तीन रविवार तेच आलं तर जागा बदला, मगच ओळ बदला.

सावधान: फोनच्या वॉलपेपरवर वचन ठेवू नका. दिवसातून शंभरदा दिसलेली गोष्ट वाचली जात नाही. आणि दुःख ताजं असलेल्या माणसाला, अगदी स्वतःलाही, वचनाने गप्प करू नका. तेव्हा शेजारी बसून चहा द्यावा.

## टप्पा ८: सहा महिन्यांनी छाटणी

दिवाळीच्या साफसफाईच्या वेळी वही काढा. ज्या पानावर रविवारची दोन वाक्यंही जमली नाहीत, ते पान पेन्सिलीने तिरकं कापा. फाडू नका. कापलेली ओळ दोन-चार वर्षांनी परत लागते, माझ्या वहीत तशा तीन परत आल्या आहेत. नव्या ओळीसाठी मात्र पहिल्यापासून सगळे टप्पे करायचे. थेट पाचव्यावर उडी नाही.

## दुसऱ्याला देताना

वाढदिवसाचं भाषण, निमंत्रण पत्रिका, शाळेचा फळा. इथे वेळेअभावी सगळं घसरतं, म्हणून वहीतलीच ओळ वापरा, आयत्या वेळी शोधलेली नको. पत्रिका छापायला देताना मजकूर हाताने लिहून द्या आणि पहिली प्रत स्वतः वाचा. जोडाक्षरं आणि अनुस्वार टाइप करताना उडतात. मंचावर जाताना खिशात चिठ्ठी ठेवा: ओळ, कोणाची, कुठली. फोन नको. माईकसमोर उभं राहिल्यावर त्याचा स्क्रीन बंद पडलेला मी दोनदा पाहिलाय, आणि दोन्ही वेळा वक्त्याने "कोणीतरी म्हटलंच आहे" असं म्हणून वेळ मारून नेली.